खालच्या बाजारातली रेघ

खालच्या बाजारात पेंटर एकच होता, आणि त्याला पेंटरखेरीज दुसरं काही नाव असेल असं कुणाच्या मनातही येत नसे. दुकानांच्या पाट्या तो रंगवायचा, होड्यांवर नंबर घालायचा, निवडणूक आली की सगळ्या पक्षांची चिन्हं एकाच ब्रशाने काढायचा आणि ज्याला त्याला बाजूला घेऊन सांगायचा, "तुमचं जरा जास्त ठसठशीत काढलंय, बोलू नका कुठे." हात मात्र असा की ओळ मारली तर पट्टी लाजावी. पण गावात त्याला जो मान होता तो पाट्यांमुळे नव्हता, रेघेमुळे होता.

रेघ म्हणजे पुराची रेघ. मागे डोंगर, पुढे समुद्र आणि मध्ये चिंचोळ्या पट्टीत गाव. नदी म्हणावी तर लांबीला ती एखाद्या ओढ्याएवढी, पण अंगात नुसती रग. सकाळी डोंगरमाथ्यावर कोसळलेला पाऊस दुपारच्या चहाला बाजारात हजर. त्यात समुद्राला भरती असली की मुखाशी दार लावल्यासारखं होतं. नदीला बाहेर पडता येत नाही, मग ती बाजारात पाय पसरून बसते. ओहोटी लागली की निघून जाते. दर काही वर्षांनी हे चालायचंच. पूर ओसरला की पेंटर निळ्या रंगाचा डबा घेऊन निघायचा आणि गल्लीगल्लीत, कोपऱ्याकोपऱ्यावर, पाणी जिथवर चढलं तिथे रेघ मारून शेजारी साल घालायचा. हे काम त्याच्या बापाने सुरू केलं, कुणी न सांगता, आणि बापामागे ते त्याच्याकडे आलं. त्याचे पैसे कुणी दिले नाहीत, त्यानेही मागितले नाहीत.

या रेघांमधली सगळ्यात वरची ती मोठी रेघ. खालच्या बाजाराचा सगळा संसार या मोठ्या रेघेवर टांगलेला. विजेची बटणं रेघेच्या वर, घराची कागदपत्रं रेघेच्या वर, आणि प्रत्येक घरात, प्रत्येक दुकानात रेघेच्या वर हातभर जागा सोडून ठोकलेला लाकडी माळा. पायरीला पाणी लागलं की आरडाओरडा नाही, धावपळ नाही. लोक भरतीची वेळ विचारायचे, सामान माळ्यावर चढवायचे आणि स्वतः वर बसून पत्ते खेळायचे. गावाच्या वरच्या अंगाला मुलगी दिली तर "तिला रेघेच्या वर दिली" असं म्हणायचे. पाण्याला भिणारा माणूस खालच्या बाजारात हास्यास्पद ठरायचा. नवी आलेली सून पुराच्या पहिल्या दिवशी रडली की सासू म्हणायची, "अगं, रेघेवर कधी आलंय का? उगीच पाण्यात पाणी कशाला वाढवतेस?"

रेघ मारायला दोन माणसं लागतात. पारदर्शक नळीत पाणी भरायचं, एक टोक एकाने कोपऱ्यावरच्या डागाशी धरायचं, दुसरं टोक दुसऱ्याने पुढच्या भिंतीशी. नळीतलं पाणी हललं, डुचमळलं, की थांबायचं. ते स्थिर झालं की दोन्हीकडे पातळी एकच, खूण करून पुढे जायचं. मग दोन खुणांमध्ये निळीची पूड लावलेला दोरा ताणायचा आणि टिचकी मारून सोडायचा. भिंतीवर सरळ निळी ओळ उठते, तिच्यावरून ब्रश फिरवायचा. पेंटरच्या नळीचं दुसरं टोक कायम त्याच्या ताईच्या हातात असायचं.

ताई त्याच्याहून थोरली. आई लवकर गेली, तेव्हापासून ताईच आई. तिने त्याला वाढवलं, दामटून शाळेत घातलं, शाळेतून पळून आल्यावर दोन ठेवून दिल्या आणि शेवटी बापाला सांगितलं, "याच्या हातात ब्रशच द्या, पेन याला जड होतंय." तिचं लग्न राहून गेलं, त्याचंही राहून गेलं, आणि कुणाचं कुणामुळे राहिलं यावर दोघं भांडायची. दिसायलाही सारखीच होती, तीच हनुवटी, तेच मोठे कान. उभं राहिलं की पेंटर बोटभर उंच, पण जेवायला मांडी घालून बसलं की ताई बोटभर वर. ती म्हणायची, "बसल्यावर तरी मान ठेव माझा."

मग तिला अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली, जीभ शाबूत राहिली, आणि तेवढी पुरली. पेंटर तिचं सगळं करायचा. सकाळी पहिलं काम म्हणजे तिला उठवून, पाठीला लोड लावून खिडकीशी बसवायचं. आडवं राहणं तिला आवडायचं नाही. "आडवं पडलं की छप्पर दिसतं, बसलं की रस्ता दिसतो," असं तिचं म्हणणं. एकदा बसवली की ती डाव्या हाताने खिडकीचा गज धरून तासन् तास बसायची आणि येणाऱ्या-जाणाऱ्याची हजेरी घ्यायची. आडवी असली तर मात्र तिला आपलं आपण उठता यायचं नाही. "बसव मला" हा शब्द दिवसातून कितीदा यायचा याची गणती नाही, आणि पेंटरच्या तोंडचा "आलोच" हा त्याचा ठरलेला जोडीदार होता. नळीचं दुसरं टोक त्यानंतर समोरच्या गादीवाल्याकडे गेलं. गादीवाल्याचा हात कापायचा. ताई खिडकीतून ओरडायची, "अरे, पाणी स्थिर होऊ दे, तुझ्यापेक्षा त्याला जास्त अक्कल आहे."

त्या वर्षी पाणी दिवसा आलं. डोंगरावर तीन दिवस कोसळत होतं, पण खाली तसं विशेष काही नव्हतं. पायरीला पाणी लागलं तेव्हा गादीवाल्याने आपल्या दारातून विचारलं, "भरती किती वाजता?" कुणीतरी वेळ सांगितली. ओहोटीला फार वेळ नव्हता. म्हणजे नेहमीचंच. पेंटरने आणि गादीवाल्याने मिळून ताईला शिडीवरून माळ्यावर घेतलं. हेही नेहमीचंच. गेल्या दोन पुरांत तिला असंच वर घेतलं होतं आणि तिने वरून दोघांना शिव्या घातल्या होत्या. माळ्यावर गादी अंथरलेली होती. तिला त्यावर निजवलं. लोड खालीच राहिला होता.

"पाठीला काहीतरी लाव रे," ताई म्हणाली. "बसव मला."

गादीवाला शिडीवरून उतरता उतरता म्हणाला, "अरे, माझा कापूस खालीच आहे. चल लवकर."

कापसाला पाणी लागलं की तो कापूस राहत नाही. गठ्ठे जड, गादीवाल्याची कंबर धरलेली, बायको एकटी ओढत होती.

"आलोच, ताई," पेंटर म्हणाला. "एवढे गठ्ठे वर घेतो आणि आलोच."

गल्ली म्हणजे चार पावलांची. तो गेला, दोघांनी गठ्ठे चढवले. शेवटचा गठ्ठा चढवेपर्यंत गल्लीत पाणी धावायला लागलं होतं. तांबडं, जाड, पाण्यापेक्षा चिखल जास्त. उलटं झाड आलं आणि गल्लीच्या तोंडाशी अडकलं. पेंटर उतरला तर पाय टिकेना, गादीवाल्याने त्याला कॉलर धरून मागे ओढलं. मग ते तिघं माळ्यावर, तिथून कौलं काढून छपरावर. तिथून पेंटरचं छप्पर समोर दिसत होतं. माळ्याला गादीजवळ गजांची छोटी खिडकी होती. त्याने हाका मारल्या. ताईने उत्तर दिलं, आवाज खणखणीत.

"तू येऊ नकोस! रेघेवर आलंय का कधी? तिथेच थांब!"

तो थांबला. पुन्हा हाक मारली, पुन्हा उत्तर आलं. ओहोटीची वेळ झाली, पाणी उतरलं नाही. ओहोटी पार सरली, तरी उतरलं नाही. मग पाण्याचा आवाज एवढा वाढला की हाकेला उत्तर येतंय की नाही ते कळेना. नंतर पाणी तळ्यासारखं थांबलं, गल्ली शांत झाली. तेव्हा हाक स्पष्ट ऐकू गेली असती. तेव्हा मात्र उत्तर आलं नाही.

पाणी उतरल्यावर पेंटर आपल्या घरात गेला. ताई माळ्यावरच होती, गादीवरच.

त्यानंतर पेंटरला काही वाटेनासं झालं. रडला नाही, बोलणं थांबवलं नाही, जेवायला दिलं तर जेवला. शाळेत पूरग्रस्तांची सोय होती, तिथे त्याला जागा मिळाली, तिथे तो सतरंजीवर बसून आपले ब्रश धूत राहायचा. स्वच्छ झालेले ब्रश पुन्हा धुवायचा. बायका कुजबुजायच्या, "रडू द्या त्याला, आत साठतंय." जणू कुणी त्याच्या तोंडावर हात धरला होता. गावात प्रत्येकाला दुसऱ्याचं दुःख कसं असावं हे नेमकं ठाऊक असतं, स्वतःचं सोडून. पेंटरने स्वतःही एकदा प्रयत्न केला. ताईची साडी, तिचा चष्मा, तिची शिवी, एकेक आठवून बघितली. सगळं नीट आठवलं. वाटलं काहीच नाही. झोपेत हातावर पडून राहावं आणि मग तो हात दुसऱ्याचा वाटावा, तसं त्याला स्वतःविषयी वाटायचं.

येणारे सांत्वन करायचे आणि सगळे एकच सांगायचे, "छपराला लागलं होतं पाणी. कुणी काही करू शकलं नसतं." सगळ्यात जास्त वेळा हे गादीवाला म्हणायचा. रोज सकाळी तो थर्मासमधून चहा आणायचा, पेंटरच्या शेजारी उकिडवा बसायचा आणि दोन घोट झाले की सुरू करायचा, "छपराला लागलं होतं रे. देव असता तरी काय करणार होता?" त्याचा कापूस माळ्यासकट गेला होता. फुगून फुगून त्याने माळ्याच्या फळ्या तोडल्या होत्या. त्याबद्दल तो चकार शब्द काढायचा नाही. उलट पेंटरच्या घराची त्यानेच जातीने साफसफाई करून घेतली. चिखल काढला, भिंती धुतल्या, आतून बाहेरून सफेदी मारून घेतली. म्हणाला, "तू येशील तेव्हा डोळ्यांना बरं दिसायला हवं." पेंटरने मान हलवली.

पेंटर घरी गेला तेव्हा भिंती पांढऱ्याफटक होत्या. तो खाली झोपू लागला. माळ्याकडे बघायचं त्याने टाळलं असं म्हणता येणार नाही, त्याची मानच त्या बाजूला वळायची नाही. छपराला लागलं होतं. तेवढं एक वाक्य होतं, त्याला टेकून तो उभा होता.

सरकारकडून एक साहेब आले. शाळेच्या हॉलमध्ये सभा झाली. साहेब तरुण होते, बोलणं सरळ होतं, आणि पायातले बूट चिखलाने भरलेले होते, त्यामुळे लोकांनी ऐकून घेतलं. ते म्हणाले, वरच्या डोंगरात झाडं होती तोवर पाऊस अंगावर घेऊन ती हळूहळू सोडत होती. आता झाडं गेली आणि नव्या रस्त्यासाठी डोंगर कापला. कापलेली माती कुठे टाकली? जवळच्या घळीत. पावसाने ती घळीतून ओढ्यात आणली, ओढ्याने नदीत. नदीचा तळ वर आला. जुन्या पुलाच्या कमानी अर्ध्या बुजल्या, त्यात ओंडके अडकले. मुखाशी गाळाचा बांध झाला, म्हणून ओहोटी लागूनही पाणी बाहेर पडेना. "पाऊस नेहमीपेक्षा जास्त होता हे खरं," साहेब म्हणाले, "पण भांडं उथळ झालं की तेवढंच पाणी उतू जातं."

लोकांना यातलं नवीन काही वाटलं नाही. रस्त्याचं काम सुरू झालं तेव्हापासून नदी तांबडी येत होती आणि घाटाच्या खालच्या पायऱ्या गाळात गेल्या होत्या, हे सगळ्यांनी डोळ्यांनी बघितलं होतं. बघितलं आणि 'यंदा गाळ जरा जास्तच आहे' असं म्हणून घरी जेवायला गेले. रस्ता झाला तर गिऱ्हाईक वाढेल, असाही हिशेब होताच. त्या रस्त्याचे दिशाफलक पेंटरनेच रंगवले होते. पण तळ वर आला म्हणजे रेघही वर गेली पाहिजे, एवढं साधं गणित एकाच्याही डोक्यात आलं नव्हतं. नदी बदलली तरी रेघ तीच, असं धरून सगळे निवांत.

मागून औषधवाल्याने विचारलं, "ते सगळं ठीक. मग आता माळा किती उंच ठोकायचा?"

साहेब म्हणाले, "तुमची रेघ पाणी कुठवर आलं होतं ते सांगते. कुठवर येईल ते नाही सांगत."

सभेत गलका झाला. सांगणाऱ्याला काय जातंय, रात्री झोपायचंय आम्हाला. मग सगळ्यांच्या माना पेंटरकडे वळल्या. नवी रेघ कधी मारणार? पेंटर म्हणाला, "बघू." त्यावरही लोकांचं आपापसात सुरू झालंच. ज्याला भरपाई हवी होती तो म्हणाला, रेघ जरा सढळ हाताने वर मार. ज्याला दुकान विकायचं होतं तो हळूच म्हणाला, माझ्या दारात चार बोटं खाली आली तर काय बिघडतं? पेंटर दोघांनाही "बघू" म्हणाला.

तो बघत नव्हता. आज नळी फाटली आहे, उद्या निळा रंग संपला आहे, परवा अंग मोडलं आहे. औषधवाल्याने कोपऱ्यावरच्या भिंतीवरचा पुराचा डाग मुद्दाम पुसला नव्हता, पेंटरसाठी ठेवला होता. पेंटर त्या कोपऱ्यावरून जाताना रस्ता ओलांडायचा. गादीवाला मात्र त्याची बाजू घ्यायचा. "मारेल सावकाश. आणि नाही मारली म्हणून काय आभाळ कोसळतंय?" रेघेच्या कामात नेहमी घाई करणारा गादीवाला असं बोलतोय याचं कुणाला नवल वाटलं नाही. माणूस हळहळतोय, असं सगळ्यांनी धरलं.

एक दिवस पेंटर शिवणवाल्या वहिनींच्या दारावरून चालला होता. आत ठोकाठोकी ऐकू आली म्हणून थांबला. सुतार स्टुलावर उभा होता आणि भिंतीत खुंट्या मारत होता. खाली कॉटवर वहिनींची सासू. तिचे दोन्ही गुडघे गेलेले, कॉट हीच तिची दुनिया.

"माळा होय?" पेंटरने विचारलं.

"हो भाऊ," वहिनी म्हणाल्या. "पुढचा पाऊस यायच्या आत व्हायला हवा. आईंना वर घ्यायचं तर मजबूत पाहिजे."

पेंटरने भिंतीकडे बघितलं. पाण्याचा डाग इथेही धुऊन काढलेला होता, पण तैलरंगातली जुनी मोठी रेघ जशीच्या तशी होती, आणि सुतार तिच्यापासून वर हात मोजत होता. कोपर रेघेवर, बोटांची टोकं वर, जसं त्याच्या बापाने मोजलं असेल तसं.

"हे काय करतोयस?" पेंटर म्हणाला.

"हातभर वर धरलंय," सुतार म्हणाला. "तुझी नवी रेघ आलेली नाही, मग कशावरून धरू? पाणी आलं होतं ते सगळ्यांना माहीत आहे, पण नेमकं कुठवर ते ज्याला त्याला वेगळंच आठवतंय. रेघ आहे ती ही आहे."

कॉटवरून म्हातारी म्हणाली, "बरोबर आहे त्याचं. रेघेच्या वर हातभर. आमच्या वेळेपासून हेच माप."

पेंटर तिथे उभा राहिला. म्हातारी उताणी पडलेली होती आणि डोळे छपराला लावून बोलत होती. तो सुताराला म्हणाला, "उतर खाली. आज रेघ मारतो."

नळी फाटलेली नव्हतीच. तो थेट गादीवाल्याकडे गेला आणि म्हणाला, "टोक धर." गादीवाल्याने आधी कंबरेचं कारण सांगितलं, मग गिऱ्हाईक यायचं आहे म्हणाला. पिंजायला मूठभर कापूस नसलेल्या दुकानात कुठलं गिऱ्हाईक येणार? शेवटी आला.

औषधवाल्याच्या भिंतीवरच्या डागापासून त्यांनी सुरुवात केली. गादीवाल्याने डागाशी टोक धरलं, पेंटर नळी घेऊन पुढच्या भिंतीकडे गेला. पाणी डुचमळलं, थांबलं, खूण झाली. घरामागून घर. लोक दारात येऊन बघत होते. भरपाईवालाही काही बोलला नाही आणि दुकान विकणाराही. वहिनींच्या घरातली खूण सुताराच्या खुंट्यांच्या पुष्कळ वर आली. सुताराने ती बघितली आणि न सांगता खुंट्या उपटायला घेतल्या. म्हातारी म्हणाली, "एवढ्या वर मला चढवणार कोण?" वहिनी हळूच म्हणाल्या, "आई, पुढच्या पावसाळ्यात तुम्ही माझ्या भावाकडे जाऊन राहा. तो वरच्या अंगाला आहे."

गादीवाल्याच्या दुकानात खूण झाली. आता समोर पेंटरचं घर.

"बाहेर मारू," गादीवाला म्हणाला. "दाराशेजारी. म्हणजे रस्त्यावरून दिसेल."

"माळा आत आहे," पेंटर म्हणाला.

"आत कशाला? आत आत्ताच सफेदी झाली आहे."

"टोक धर तू."

गादीवाल्याने आपल्या दारातल्या खुणेशी टोक धरलं. पेंटर नळी घेऊन आत गेला, शिडी लावली आणि वर चढला. माळा रिकामा होता. छोट्या खिडकीतून समोरचं छप्पर दिसत होतं, जिथे तो बसला होता. त्याने नळीचं टोक भिंतीशी धरलं. पाणी वरखाली होत राहिलं. मग थांबलं. पेंटरने पेन्सिलीने खूण केली. दुसऱ्या कोपऱ्यात गेला, तिथेही खूण केली. छप्पर बरंच वर होतं. छपराला पाणी लागलेलं नव्हतं.

"दोरा घेऊन वर ये," त्याने हाक दिली.

गादीवाला कंबर धरत वर आला. त्याने भिंतीकडे बघितलं नाही. एका खुणेवर पेंटरने खिळा ठोकून दोरा बांधला, त्याला निळीची पूड लावली आणि दुसरं टोक गादीवाल्याच्या हातात दिलं. मग तो भिंतीच्या मध्यावर गेला, जिथे गादी होती तिथे, आणि भिंतीला पाठ लावून मांडी घालून बसला.

"तिथून ऊठ," गादीवाला म्हणाला. "रेघ तुटेल."

"ओढ."

गादीवाल्याने दोरा ताणला. तो पेंटरच्या अंगावर येऊन टेकला.

"कुठे लागला?" पेंटरने विचारलं. त्याला स्वतःला ते कळत होतं.

गादीवाल्याने आता पहिल्यांदा तिकडे बघितलं. मग म्हणाला, "खांद्याला."

बसल्यावर ताई त्याच्याहून बोटभर उंच होती. तिला तर खांद्याच्याही खाली आलं असतं. नाक, तोंड, सगळं वर राहिलं असतं. डाव्या हाताने खिडकीचा गज धरून ती बसून राहिली असती, आणि पाणी उतरेपर्यंत दोघांना शिव्या घालत राहिली असती.

"मी बघितला होता डाग," गादीवाला म्हणाला. "पहिल्याच दिवशी. तू बघू नयेस म्हणून सफेदी मारून घेतली."

"बसव म्हणत होती."

"माहीत आहे. मी शिडीवरच होतो. हाक मीच मारली तुला. कापसासाठी मारली."

पेंटरला त्याचा राग आला नाही. इतके दिवस त्याला ताईची आठवण आलीच नव्हती, नुसता तिचा हिशेब आठवत होता, हे त्याला आत्ता कळलं. आत्ता आठवण आली. ती पाठीला टेकून बसली आहे, खांद्याशी पाणी आहे आणि ती ओरडते आहे, असं त्याला समोर दिसलं, आणि छातीत अशी कळ आली की श्वास घेता येईना.

"सोड दोरा," तो म्हणाला.

गादीवाल्याने दोरा खेचून सोडला. भिंतीवर दोन्ही बाजूंना निळी ओळ उठली आणि मधली पेंटरच्या सदऱ्यावर, एका खांद्यापासून दुसऱ्या खांद्यापर्यंत. तो उठला. पांढऱ्या भिंतीवर रेघ होती, आणि मध्ये बसलेल्या माणसाएवढी जागा कोरी होती.

गादीवाल्याने दोरा पुन्हा ताणायला घेतला. "मधली राहिली. थांब, परत मारतो."

"राहू दे ती," पेंटर म्हणाला. डोळे पुसून त्याने निळ्या रंगाचा डबा उघडला, ब्रश बुडवला आणि रेघ भरायला लागला, अलीकडून त्या जागेपर्यंत आणि मग त्या जागेच्या पलीकडून पुढे.